स्वप्नातली ती आणि ओट्यामागची ती

बाईचं मन दाखवायचं की तिच्यावर लादलेलं काम? माया डेरेनचा ‘मेशेस ऑफ द आफ्टरनून’ (1943) आणि मार्था रोझलरचा ‘सेमिऑटिक्स ऑफ द किचन’ (1975) हे दोन अमेरिकन लघुपट मी पाठोपाठ पाहिले. दोन्ही कृष्णधवल, दोन्हींत दिग्दर्शिका स्वतःच पडद्यावर.

डेरेन सहदिग्दर्शक अलेक्झांडर हॅमिडसोबत स्वप्न रचते. किल्ली, सुरी, आरशाचा चेहरा असलेली काळी आकृती. एकाच टेबलाभोवती तिचीच तीन रूपं बसतात, तोंडातून किल्ली निघते. चौदा मिनिटांत आपण तिच्या डोक्यात शिरतो.

रोझलरचा कॅमेरा मात्र जागचा हलत नाही. सहा मिनिटं ती स्वयंपाकघरातल्या वस्तू इंग्रजी मुळाक्षरांच्या क्रमानं दाखवते. एप्रन, बोल (वाडगा)... आवाज सपाट, हात मात्र संतापलेले. रिकाम्या डावातलं काल्पनिक कालवण ती बाजूला भिरकावते, सुरी हवेत खुपसते. शेवटची अक्षरं तर हातांनीच हवेत काढते. त्या डावाशी मी थबकले. आमच्या घरात डाव असा कुणी कधी झटकला नव्हता, मनातून किती जणींनी झटकला असेल!

दृश्यभाषा शिकायला डेरेन हवीच. पण पहिला लघुपट करणाऱ्या मुलीला मी रोझलर आधी दाखवेन. एक कॅमेरा, एक ओटा, एवढ्यात होतं.