गोव्यात पहिला माहितीपट: खाणीवर की खाजनावर?

पदरचे पैसे आणि सोबत दोन-तीन माणसं. एवढ्यावर गोव्यात माहितीपट करायला निघालेले बरेच जण शेवटी दोन विषयांपाशी येऊन अडतात: लोहखनिजाची खाण आणि खाजन, म्हणजे नदीकाठची बांध घातलेली शेतजमीन. मी दोन्हीकडे कॅमेरा घेऊन फिरलो आहे. बाहेरून येणाऱ्याला मी खाजन घ्यायला सांगेन.

खाणीची दृश्यं पहिल्याच दिवशी मिळतात: कापलेला लाल डोंगर, धुळीने माखलेली काजूची झाडं, मांडवीतून मुरगाव बंदराकडे खनिज घेऊन निघालेले बार्ज. कागदपत्रंही हाताशी आहेत. 2012 ची खाणबंदी, 2014 मध्ये उत्खननावर वर्षाला 2 कोटी टनांची मर्यादा, फेब्रुवारी 2018 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने रद्द केलेलं 88 खाण-लिजांचं (भाडेपट्ट्यांचं) नूतनीकरण. घोडं अडतं ते माणसांपाशी. ज्या घराच्या शेतात खाणीचा गाळ आला, त्याच घराच्या अंगणात कर्जाने घेतलेला ट्रक उभा असतो, आणि बंदीत त्याचे हप्ते थकलेले असतात. डिचोलीकडच्या एका घरी मी दुसऱ्याच भेटीत आटलेल्या विहिरीबद्दल विचारलं. त्या वाड्यावर नंतर कुणी माझ्याशी बोललं नाही. चूक माझी होती, अजून सलते.

खाजनात पहिल्या दिवशी दिसतं फक्त हिरवं शेत आणि मातीचा बांध. नदीचं खारं पाणी बांधाने थोपवून पिढ्यान्‌पिढ्या राखलेली ही जमीन. बांधात मानस असते, म्हणजे पाणी आत-बाहेर करायची झडप. तिची लाकडी दारं भरतीच्या दाबाने आपोआप मिटतात आणि ओहोटीला आतल्या पाण्याने उघडतात. मानशीवर मासे धरायचा हक्क लिलावात जातो. मासळी जास्त मिळावी म्हणून कुणी खारं पाणी जास्त आत घेतलं की शेत नासतं. शेतकरी, लिलाव घेणारा, कोमुनिदाद (गावाची सामाईक जमीन सांभाळणारी जुनी संस्था), सगळ्यांचं भांडण त्या दारांपाशी येतं. फुटलेला बांध वेळेत सांधला नाही तर शेतात कांदळवन रुजतं, आणि एकदा रुजलं की कायदा ते सहजासहजी तोडू देत नाही. शेत वाचवायचं की कांदळवन? पेच खाणीवरही आहे, पण तिथे तो बाहेरच्याला कुणी सांगत नाही; इथे तो बांधावर उघड दिसतो.

खर्चाचंही पाहा. खाणपट्ट्यात आत शिरायला परवानगी लागते आणि ती सहसा मिळत नाही. चोडण बेटावरच्या खाजनाच्या बांधावर जायला रायबंदरची फेरीबोट पुरते. खाऱ्या जमिनीत तगणारं कोरगुट भात पावसात पेरायचं, ऑक्टोबरच्या सुमारास कापायचं, मग खारं पाणी आत घेऊन मासळी, म्हणजे एका वर्षात गोष्ट पुरी होते. अमावास्या-पौर्णिमेच्या तारखा आधी लिहून ठेवा, उधाणाच्या ओहोटीला रात्री मानशीवर जाळं लागतं. बांधावर वारा फार, तेव्हा पैसे लेन्सपेक्षा माइकवर घाला.

मात्र तुमचं आजोळ खाणपट्ट्यात, मये, पिसुर्ले किंवा सांगेकडे असेल तर माझं ऐकू नका, खाणच घ्या. तिथे तुम्ही कुणाचे तरी भाचे असाल. मामी चहा ठेवेल, आणि विहिरीची गोष्ट कुणी न विचारता निघेल.