रॅट सर्किटवरचं डिस्टॉर्शन पेडल: काही महिने वाजवल्यानंतर

आधी निकाल: गिटारचा आवाज फाडणारं हे पेडल ठेवतोय, पण ज्या कामासाठी घेतलं त्यासाठी नाही. घेतलं होतं जाड मेटल रिफसाठी (रिफ म्हणजे पुन्हापुन्हा वाजणारी छोटी धून). आता डिस्टॉर्शनचा (म्हणजे गेनचा) नॉब घड्याळातल्या दहाच्या जागेपुढे क्वचितच जातो.

रॅट हे गाजलेलं डिस्टॉर्शन पेडल. माझं मूळ रॅट नव्हे, त्याच सर्किटवर एका छोट्या कंपनीने बनवलेलं आहे. सर्किट 1970 च्या दशकाच्या अखेरचं आणि साधं. ऑपअँप ही चिप सिग्नल प्रचंड वाढवते, मग ग्राउंडला जोडलेले दोन सिलिकॉन डायोड साधारण 0.6 व्होल्टवर लाटेचा माथा आणि तळ छाटतात. ट्यूब स्क्रीमर या दुसऱ्या प्रसिद्ध पेडलमध्ये डायोड ऑपअँपच्या फीडबॅकमध्ये, म्हणजे आउटपुटकडून इनपुटकडे परतणाऱ्या वाटेत असतात. त्यामुळे तिथली छाटणी गोलसर होते आणि मूळ स्वच्छ सिग्नलही सोबत राहतो. इथे तशी दयामाया नाही.

लाट सपाट छाटली की नवे सूर जन्माला येतात, आणि पेडलचा खरा स्वभाव तिथे कळतो. सा-प एकत्र वाजवा, समजा 200 आणि 300 हर्ट्झ. डिस्टॉर्शनमधून त्यांच्याखाली 100 हर्ट्झचा सूरही निघतो, म्हणजे खालचा षड्ज फुकटात! पॉवर कॉर्ड (म्हणजे नुसते सा-प) भारदस्त वाटते ती यामुळेच. त्यात गंधार घातला की मात्र गडबड होते, कारण गिटारच्या पडद्यांवरचा शुद्ध गंधार नैसर्गिक गंधारापेक्षा सुमारे 14 सेंट (सेंट म्हणजे अर्ध्या सुराचा शंभरावा भाग) चढा असतो. क्लीन आवाजात ते खपून जातं. गेन वाढवला की तीच कॉर्ड खडखडते. आठवडाभर मी गिटारच्या ट्यूनिंगवर संशय घेत होतो. पूर्ण कॉर्ड वाजवायच्या तर गेन खाली आणा, दुसरा इलाज नाही.

फिल्टर नॉब उलटा चालतो: उजवीकडे नेला की आवाज उजळत नाही, मंदावतो. सवय झाली की हाच सगळ्यात उपयोगी नॉब. ब्रिजजवळच्या सिंगल कॉइल पिकअपला मी तो घड्याळातल्या एक-दोनच्या दरम्यान ठेवतो, हंबकर या दुहेरी कॉइलच्या पिकअपला अकराच्या आसपास. घरी एकट्याने वाजवताना जो टोन गोड लागतो, तो ड्रम आणि बेस सुरू होताच गायब होतो, तेव्हा फिल्टर डावीकडे न्या आणि गेन कमी करा. जास्त गेनमध्ये हलका आणि जोरकस स्ट्रोक सारखेच ऐकू येतात, पिकिंगचा ठोसा उरत नाही.

गिटारचा व्हॉल्यूम सहा-सातवर आणला की आवाज बऱ्यापैकी निवळतो, चांगल्या फझ पेडलइतका नाही. थोडी ट्रेबलही जाते.

गुरगुर भरपूर. सिंगल कॉइल पकडतं ती विजेच्या मेन्सची घरघर हे पेडल इमानेइतबारे मोठी करतं. हळू आवाज बंद करणारा नॉइज गेट लावला होता, पण तो लांबवलेल्या सुरांची शेपटी कापायचा, म्हणून काढून टाकला. थेट कॉम्प्युटरच्या ऑडिओ इंटरफेसला जोडून हेडफोनवर ऐकलं तर आवाज माशा भिणभिणल्यासारखा येतो. गिटार अँपचा 12 इंची स्पीकर साधारण 5 किलोहर्ट्झच्या वरचं बरंच काही गाळून टाकतो आणि हेडफोन तसं करत नाही. कॅबिनेट सिम्युलेशन (स्पीकरची नक्कल करणारं सॉफ्टवेअर) लावा आणि मगच पेडलवर मत बनवा.

बांधणी ठीक. इनपुट जॅकचा नट दोनदा सैल झाला, पान्याने आवळला. नऊ व्होल्टचा अडॅप्टर लागतो, मधली पिन निगेटिव्ह, घेताना तपासा. पेडलांच्या चेनमध्ये हे डिलेच्या (प्रतिध्वनी देणाऱ्या पेडलच्या) आधी ठेवलंय. डिलेनंतर ठेवलं तर प्रत्येक प्रतिध्वनीही फाटतो. काहींना तोच चिखल आवडतो.

पुढे डायोड काढून लाल एलईडी बसवायचे आहेत. ते बऱ्याच वरच्या व्होल्टेजला छाटतात, त्यामुळे आवाज मोठा होतो आणि हलक्या हाताला थोडी मोकळीक मिळते. टर्बो रॅट या रॅटच्याच प्रकारात हेच आहे. वॉरंटी संपली की उघडतो.