मांजराच्या डोळ्यात ड्रॉप्स घालावेत की मलम?

आमच्या रामबागेतल्या काकूंच्या मनीचा डोळा लाल झालाय, सकाळी चिपडाने चिकटलेला असतो. डॉक्टर म्हणाले ड्रॉप्स किंवा मलम, काहीही चालेल, आता काकूंना कळेना काय घ्यावं.

घालायला ड्रॉप्स सोपे, मागून हात नेऊन वरची पापणी जरा उचलायची, थेंब पडला की झालं. पण ते पाण्याबरोबर लगेच वाहून जातात म्हणून बरेचदा दिवसातून चार-सहा वेळा घालावे लागतात, आणि दर वेळी मांजर पलंगाखाली पळणार. मलम जास्त वेळ टिकतं, दोन-तीन वेळा बहुतेक पुरतं. खालची पापणी ओढून तांदळाच्या दाण्याएवढं सोडायचं, नळीचं टोक डोळ्याला अजिबात लागू द्यायचं नाही. थोडा वेळ तिला धूसर दिसतं, ती पंजाने पुसायला बघते. खर्चात फार फरक नाही.

खरी काळजी वेगळीच आहे. घरात पडलेले माणसांचे ड्रॉप्स, त्यात डेक्सामेथासोनसारखं स्टेरॉईड असेल तर प्लीज घालू नका, बुबुळावर जखम असली तर ती चिघळते. डोळा मिटून धरलाय, बुबुळ ढगाळ दिसतंय, तर त्याच दिवशी दवाखाना, तिथे हिरवा डाय टाकून जखम बघतात.

घरी दिवसभर कोणी असेल आणि मांजर शांत असेल तर ड्रॉप्स. ऑफिसवाल्यांनी मलमच घ्यावं. दोन्ही लिहून दिलेत तर आधी ड्रॉप्स, पाच-दहा मिनिटांनी मलम.