शेजाऱ्याने बांध कोरला: पोलीस ठाणं, तहसील की दिवाणी न्यायालय?

नांगरट झाली आणि बांध हातभर तुमच्या बाजूला सरकलेला दिसला. विचारायला गेलात तर शिवीगाळ झाली. गावात एकजण सांगतो, "केस ठोक, आठ दिवसांत सरळ येईल." दुसरा म्हणतो, "आधी मोजणी आण." माझं मत सुरुवातीलाच सांगतो: मारहाण झाली असेल तर पोलिसांत जरूर जा, पण जमीन परत मिळवायला तिथे जाऊ नका. ठाणेदाराला हद्द ठरवायचा अधिकारच नाही.

ठाण्यात प्रत्यक्षात काय होतं ते बघा. शिवीगाळ (भारतीय न्याय संहिता, कलम ३५२) आणि साधी धमकी (कलम ३५१) हे अदखलपात्र गुन्हे. हवालदार एनसी, म्हणजे अदखलपात्र गुन्ह्याची नोंद, लिहून घेतो आणि नक्कल हातात देतो. त्यात बहुतेक वेळा तेच वाक्य असतं: न्यायालयात दाद मागण्याची समज दिली. दंडाधिकाऱ्यांच्या आदेशाशिवाय पुढे तपास होत नाही. त्याच संध्याकाळी शेजारीही तुमच्याविरुद्ध एनसी देऊन येतो. शांतता बिघडेल असं पोलिसांना वाटलं, तर नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १२६ खाली दोघांवरही चॅप्टर केस, म्हणजे शांतता राखण्याची हमी घेण्याची कारवाई. मग तुम्ही दोघं कामधंदा बुडवून कार्यकारी दंडाधिकाऱ्यांपुढे बंधपत्र लिहून देता. बांध मात्र सरकला तिथेच असतो.

इथेच चुकीचा सल्ला मिळतो: "कलमं वाढव." गळ्यातली पोत ओढली, घरातल्या बाईचा हात धरला, असं न घडलेलं लिहायला लावतात, म्हणजे गुन्हा दखलपात्र होतो. हे करू नका. खोटी माहिती देणं हा न्याय संहितेच्या कलम २१७ खाली गुन्हा आहे, आणि इजा करण्याच्या हेतूने खोटा आरोप केला तर कलम २४८ लागतं. त्याहून वाईट म्हणजे जिच्यावर खरोखर अत्याचार झाला, तिच्या फिर्यादीकडेही मग ठाण्यात संशयाने पाहिलं जातं.

अतिक्रमणाच्या फिर्यादीतही अडचण आहे. फौजदारी अतिक्रमणासाठी (कलम ३२९) गुन्हा करण्याचा, धमकावण्याचा, अपमान करण्याचा किंवा त्रास देण्याचा हेतू दाखवावा लागतो. "ही जमीन माझीच" असं शेजारी प्रामाणिकपणे मानत असेल, तर प्रकरण दिवाणी ठरतं. सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये इंडियन ऑइल विरुद्ध एनईपीसी या निकालात दिवाणी वादांना फौजदारी रूप देण्याच्या वाढत्या प्रवृत्तीवर बोट ठेवलं होतं. एप्रिल २०२५ मध्ये सरन्यायाधीश संजीव खन्ना यांच्या पीठाने याच कारणावरून उत्तर प्रदेश पोलिसांना फटकारलं. असे गुन्हे उच्च न्यायालयात रद्द होऊ शकतात. पण तोवर शेजाऱ्याच्या मुलाची पोलीस भरतीची चारित्र्य पडताळणी अडकलेली असते आणि दोन घरांतलं बोलणं पिढीभर तुटलेलं असतं.

आता दुसरी बाजू. भूमी अभिलेख उपअधीक्षकांकडे हद्दकायम मोजणीचा अर्ज करा. फी भरली की लगतच्या खातेदारांना नोटिसा जातात. ठरल्या दिवशी भूकरमापक येतो, जुन्या नकाशावरून हद्द काढतो आणि जागेवर खुणा दाखवतो. शेजारी आला तर त्याच्यादेखत हे होतं. नोटीस मिळूनही आला नाही, तर तशी नोंद होते. मग "क" प्रत, म्हणजे मोजणी नकाशाची प्रत, मिळते. मान्य नसेल तर निमताना मोजणी, म्हणजे वरच्या अधिकाऱ्याकडून फेरमोजणी, मागता येते. पुष्कळ भांडणं या खुणांवरच मिटतात, कारण कुणालाच हार मानावी लागत नाही, नकाशा बोलतो. आणखी एक फायदा फार थोड्यांना माहीत असतो. सरकारी अधिकाराने रोवलेली हद्दीची खूण हलवणं हा स्वतंत्र गुन्हा आहे (न्याय संहिता, कलम ३२६). त्यामुळे मोजणीनंतर कुणी दगड उपटला, तर तुमची तक्रार भक्कम असते. मोजणीआधी ती नुसती तोंडी राहते.

मोजणीने जमीन मात्र ताब्यात येत नाही. त्यासाठी आदेश लागतो. वहिवाटीचा रस्ता अडवला असेल तर मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ च्या कलम ५ खाली तहसीलदारांकडे जा. अडवणूक झाल्यापासून सहा महिन्यांच्या आत. ही मुदत ठाण्याच्या फेऱ्यांत निघून जाते, हे मी सगळ्यात जास्त कळकळीने सांगतोय. रस्ता मुळातच नसेल आणि बांधावरून हवा असेल, तर महसूल संहितेचं कलम १४३.

बांधाचा प्रश्न मालकीवर गेला की दिवाणी न्यायालयाला पर्याय नाही. निकालाला वर्षं लागतात, हे खरंच आहे. पण तूर्तातूर्त मनाईचा, म्हणजे निकालापर्यंतच्या तात्पुरत्या बंदीचा, अर्ज दाव्यासोबतच देता येतो, आणि न्यायालय आयुक्त (कोर्ट कमिशनर) नेमून मोजणीही करवून घेतं. लोकांना "केस ठोकणं" स्वस्त वाटतं, कारण तिथे सरकार खटला चालवतं. जामीन, तारखा आणि उलट फिर्यादीचा वकील मात्र आपल्याच खिशातून. शिवाय रागाच्या भरात फिर्यादीत एक हद्द सांगितली आणि दाव्यात दुसरी, तर उलटतपासणीत तोच कागद समोर येतो.

कुऱ्हाड उगारली, डोकं फोडलं, उभं पीक पेटवलं, विहिरीत विष टाकलं, बाईवर हात टाकला, जातीवरून अपमान केला: इथे मोजणीची वाट बघत बसू नका. त्याच दिवशी फिर्याद द्या, वैद्यकीय तपासणी करून घ्या आणि जे घडलं तेवढंच लिहा. अशा प्रसंगीही हद्दीचा अर्ज वेगळाच करावा लागतो.

दोघांच्याही मनात मिटवायचं असेल तर लोकअदालत आहे. तिथल्या निवाड्यावर अपील नाही, आणि दावा तिथे मिटला तर कोर्ट फी परत मिळते. तडजोडपात्र फौजदारी प्रकरणही त्याच दिवशी मिटवता येतं. एकमेकांच्या नावावरची शेतं बारा वर्षांपासून उलटसुलट कसत असाल, तर २०२३ च्या सलोखा योजनेत हजार रुपये मुद्रांक शुल्क आणि हजार रुपये नोंदणी फी भरून अदलाबदल करता येते. मुदत चालू आहे का, ते तलाठ्याकडे आधी विचारा. कुठेही जाताना चालू सातबारा, आठ-अ, गट नकाशा आणि असेल तर जुनी फाळणी (पोटहिश्श्यांचा नकाशा) सोबत ठेवा.