अनवट इंग्रजी शब्दांचे उच्चार-ॲप : आठ महिन्यांच्या वापरानंतर

देगलूरच्या कनिष्ठ महाविद्यालयात इंग्रजी शिकवताना ‘सार’ किंवा ‘मूर्तिमंत उदाहरण’ या अर्थाचा एक शब्द मी कित्येक वर्षे ‘एपिटोम’ असा उच्चारत आलो. वर्गातून हरकत येण्याचा प्रश्नच नव्हता, कारण मुलांनी तो माझ्याच तोंडून ऐकलेला असे. गेल्या जूनमध्ये वार्षिक वर्गणी भरून हे ॲप घेतले आणि पहिल्याच आठवड्यात त्याने तो शब्द ‘इपिटमी’ असा ऐकवला. मूळ ग्रीक असलेल्या अशा काही शब्दांत शेवटचा ‘ई’ मुका राहत नाही, हे त्यानंतर ‘अतिशयोक्ती’ या अर्थाचा ‘हायपर्बली’ ऐकताना नीट उमगले.

शब्दामागची हकीकत थोडक्यात देण्याची पद्धत मला विशेष आवडली. ‘कर्नल’च्या स्पेलिंगमध्ये ‘आर’ कुठेच का नाही, हा प्रश्न दरवर्षी कोणीतरी विचारतेच. इटालियनमधील ‘कोलोनेल्लो’चे फ्रेंचमध्ये ‘कोरोनेल’ झाले आणि इंग्रजीने लेखनात ‘ल’ ठेवून उच्चारात ‘र’ राखला, एवढे सांगितले की मुलांना ते स्पेलिंग पाठ करावे लागत नाही.

ध्वनिमुद्रण स्वच्छ आहे, ब्रिटिश व अमेरिकन उच्चार वेगळे ऐकता येतात आणि उतरवून घेतलेले शब्द नेट नसतानाही चालतात. खरी अडचण देवनागरी लिप्यंतराची आहे, आणि नेमके तेच सुरुवातीपासून चालू असते. ‘बंडी’ आणि ‘पश्चिम’ या दोन्ही अर्थांचे शब्द त्यात ‘वेस्ट’ असेच दिसतात. वास्तविक पहिल्यात वरचे दात खालच्या ओठाला टेकतात आणि दुसऱ्यात केवळ ओठांचा चंबू होतो. आघाताचा तर पत्ताच नसतो. ‘नोंद’ या अर्थाच्या ‘रेकॉर्ड’मध्ये जोर पहिल्या अवयवावर, म्हणजे उच्चारातल्या पहिल्या तुकड्यावर, तर ‘नोंदवणे’ या अर्थी दुसऱ्यावर येतो, हे आंतरराष्ट्रीय ध्वनिलिपीत अवयवाआधीची छोटी उभी रेघ तत्काळ दाखवते. म्हणून मी सेटिंगमध्ये जाऊन देवनागरी बंद केली. त्या चिन्हांची सवय व्हायला महिनाभर लागला, मुलांना त्याहून कमी.

व्याख्यांबाबत मात्र एक तक्रार आहे. ‘बँडिकूट’ शोधल्यावर ॲप ऑस्ट्रेलियातील पिशवीधारी प्राण्याचे चित्र दाखवून मोकळे होते. हा शब्द मुळात तेलुगूतील ‘पंदिकोक्कु’वरून, म्हणजे ‘डुक्कर-उंदीर’ या अर्थाने, आपल्याकडील घुशीसाठी इंग्रजीत गेला आणि ऑस्ट्रेलियातील प्राण्याला पुढे चिकटला. तेलंगणाची सीमा आमच्या तालुक्याला लागून असल्याने वर्गात घरी तेलुगू बोलणारी मुले असतातच. त्यांतील एकीने चित्र पाहून ‘सर, ही घूस नाही’ असे ठामपणे सांगितले. मी ॲपच्या सूचना-पेटीतून दोनदा कळवले. दोन्ही वेळा आभाराचा ठरावीक निरोप आला. चित्र अद्याप तेच आहे.