पाच फुटी घोडा: वर्ध्याहून छापून आणलेल्या कॅनव्हासबद्दल

आधी खर्चाचं सांगते, कारण सगळे तेच विचारतात. कॅनव्हास प्रिंट, पाच फूट उंच, सव्वाचार फूट रुंद. वर्ध्याच्या एका फोटो-फ्रेमच्या दुकानात करून घेतली. छपाई १६० रुपये चौरस फूट, म्हणजे ३४०० रुपये. लाकडी चौकटीवर ताणून द्यायचे ११००. आमच्या नाचणगावपर्यंत आणायला छोट्या हत्तीवाल्या टेम्पोनं ७०० घेतले. जूनमध्ये आणलं, आता दिवाळी होऊन गेली. एवढ्या दिवसांच्या वापरावर लिहिते आहे.

चित्र जॉर्ज स्टब्स या इंग्रज चित्रकाराचं, नाव 'व्हिसलजॅकेट'. मूळ चित्र लंडनच्या नॅशनल गॅलरीत आहे, साडेनऊ फुटांहून उंच आणि आठ फुटांहून रुंद. १७६२ च्या सुमारास काढलेलं. त्या संग्रहालयानं ते १९९७ साली १ कोटी १० लाख पौंडांना घेतलं. चित्रात एक घोडा आहे, मागच्या दोन पायांवर उभा झालेला, आणि बाकी काही नाही. झाड नाही, आभाळ नाही, लगाम नाही, स्वार नाही. मागं नुसता फिका मातकट रंग, आणि मागच्या खुरांपाशी जराशी सावली. तेवढ्याच सावलीवर तो घोडा जमिनीवर उभा आहे हे कळतं.

मी शाळेत चित्रकला शिकवते. वडील पुलगाव स्टेशनवर तांगा चालवायचे, तेहतीस वर्षं चालवला. आता चौऱ्याऐंशीचे आहेत, दिवसभर ओसरीच्या खुर्चीत असतात. त्यांच्या नजरेसमोर एखादा घोडा असावा असं फार दिवस मनात होतं. आमच्याकडे दुकानात जाऊन घोड्याचं चित्र मागितलं की सात पांढरे घोडे काढून देतात. पाण्यातून उधळत येणारे, मागं लालभडक सूर्य, वास्तूसाठी चांगले म्हणून. ज्यांना हवे त्यांनी लावावे. पण त्या सातांपैकी एकाचाही खांदा पायाला नीट जुळलेला नसतो, आणि तेहतीस वर्षं घोड्याचा खांदा चोळलेल्या माणसापुढे असलं चित्र ठेवणं मला बरं वाटेना.

स्टब्सवरच का अडून बसले, तर हा माणूस घोडा आतून शिकला होता. जन्म १७२४ चा, लिव्हरपूलचा, बापाचा धंदा कातडी कमावण्याचा. कोणा मोठ्या चित्रकाराकडे टिकून शिकला नाही. दुसऱ्याच्या चित्रांच्या नकला करणं त्याला पटलं नाही म्हणून थोड्याच दिवसांत बाहेर पडला. पुढं यॉर्कच्या इस्पितळात शरीरशास्त्र शिकला. सुईणपणावरच्या एका वैद्यकीय पुस्तकाची चित्रं काढली, आणि ती छापायची म्हणून तांब्याच्या पत्र्यावर कोरायचं कामही स्वतःच शिकून घेतलं. मग १७५६ मध्ये लिंकनशायरमधल्या हॉर्कस्टो नावाच्या खेड्यात एक शेतघर भाड्यानं घेतलं आणि दीड वर्ष मेरी स्पेन्सर या आपल्या जोडीदारणीच्या मदतीनं घोडे फाडले. छतापासून आकडे सोडून घोडा उभा असल्यासारखा टांगायचा, शिरांमध्ये पातळ केलेली चरबी भरायची म्हणजे शिरा फुगलेल्या राहतात, आणि एकेक थर काढत हाडापर्यंत जायचं. प्रत्येक थराचं चित्र, प्रत्येक चित्राची मोजमापं. एक घोडा अकरा आठवडे पुरला, असं सांगतात. त्या घरातला वास काय असेल, कल्पना करवत नाही. लंडनला आल्यावर ही चित्रं कोरून द्यायला कोणी कारागीर तयार होईना, तेव्हा वर्षानुवर्षं खपून यानंच कोरली. १७६६ साली घोड्याच्या शरीररचनेचं त्याचं पुस्तक निघालं.

एवढं सगळं दुकानदाराला सांगितलं असतं तर पहिली प्रिंट वाया गेली नसती, असं आता वाटतं. मी फाईल देऊन आले, चार दिवसांनी घ्यायला गेले, तर घोड्यामागं डोंगर आणि मावळता सूर्य! शेपटीचं टोक कापलेलं, कारण त्यांच्या नेहमीच्या सहा बाय चारच्या मापात बसवलं होतं. कॉम्प्युटरवरचा पोरगा चांगला आहे, मनापासून म्हणाला, "मॅडम, फाईलमधी मागचं बॅकग्राउंड उडून गेल्तं, म्या चांगलं वालं टाकून देलं." मला रडू यायचंच बाकी होतं. मग बसून त्याला खुरांजवळची सावली दाखवली. सूर्य मागं असता तर ही सावली अशी पडली असती का, विचारलं. त्यानं चित्र मोठं करून बघितलं, बराच वेळ बघितलं, आणि म्हणाला, "करून देतो." दुकानानं दुसऱ्या प्रिंटचे पैसे लावले नाहीत, हे मुद्दाम लिहिते. तुम्ही करायला टाकाल तर आधीच सांगा: चित्राचं मूळ प्रमाण ठेवा, बाजू कापू नका, रंग भडक करू नका. आणि आधी फूटभर तुकडा छापून मागा. मी डोळ्याचा आणि मागच्या खुराचा मागितला, १६० रुपये गेले, पण त्यातच कळलं की लाल जास्त येतो आहे. दोनदा कमी करायला लावला. आता अंगाचा तांबूस रंग बरोबर आला आहे, आणि आयाळ-शेपटी वाळल्या कडब्यासारखी फिकी, जशी हवी तशी. डोळ्यातला उजेडाचा ठिपकासुद्धा उतरला आहे. फक्त मानेखालच्या काळपट भागात बारकावे बुजले आहेत, तिथं मूळ फाईलमध्ये जास्त दिसतं.

आणलं त्या दिवशी बाबा काही बोलले नाहीत. खुर्ची ओढून जवळ गेले आणि पोटाखालून जाणाऱ्या शिरेवर बोट ठेवलं. तसंच बोट फिरवत फिरवत मागच्या मांडीपर्यंत नेलं. चांदणीला खरारा करताना ते अशीच शीर चाचपायचे. चांदणी म्हणजे आमची शेवटची घोडी. मग म्हणाले, "इथं कातडं पातळ असते. ह्या मानसानं हात लावून पाह्यलं हाये."

मी त्यांना हॉर्कस्टोची गोष्ट सांगितली. त्यांनी एकच विचारलं, "घोडे मेलेले होते, का मारले?" खोटं सांगता आलं नाही. मानेची शीर कापून रक्त काढून मारलेले होते. बाबांनी खुर्ची फिरवली आणि संध्याकाळपर्यंत चित्राकडे पाठ करून बसले. चांदणी गेली तेव्हा त्यांनी तिला नाल्याच्या काठी खड्डा करून पुरलं होतं, गळ्यातली घुंगरं तिच्यासोबतच. मला स्टब्स फार मोठा वाटतो, आणि त्या दिवशीची बाबांची पाठही मला चुकीची वाटली नाही. दुसऱ्या दिवशी त्यांनीच खुर्ची परत वळवली.

तेव्हापासून आमचं रोज थोडं थोडं चालतं. मी मोबाईलवर स्टब्सची दुसरी चित्रं दाखवते. घोड्या आणि शिंगरांची चित्रं त्यांना फार आवडली, शिंगरू आईच्या आडोशाला उभं राहतं ते अगदी बरोबर काढलं आहे म्हणाले. मद्रासच्या गव्हर्नरानं इंग्लंडच्या राजाला पाठवलेला चित्ता आणि त्याच्यासोबतचे दोन हिंदुस्थानी सेवक हेही स्टब्सनं काढले आहेत, ते बघून पागोट्याच्या बांधणीवर बोलले. पण 'बॅरोनेट' नावाच्या पळत्या घोड्याचं १७९१ चं चित्र दाखवलं तर हसायला लागले. चारही पाय पुढं-मागं फाकलेले, पोट हवेत. "असा पयते का घोडा? हा तं बेडूक हाये. घोडा चौखूर सुटला का टापा वाजते, मंग घडीभर काहीच वाजत नाही. तवा पाय पोटाखाली असते." मायब्रिज या छायाचित्रकारानं अमेरिकेत ओळीनं कॅमेरे लावून हेच १८७८ साली फोटोंनी दाखवलं. उभा घोडा हाडापर्यंत जाणणाऱ्या स्टब्सलाही डोळ्यानं ते पकडता आलं नव्हतं. बाबांनी ते कानानं पकडलं होतं, पुलगावच्या रस्त्यावर.

'व्हिसलजॅकेट' हा खरा घोडा, रॉकिंगहॅम नावाच्या सरदाराचा, स्वभावानं तापट. चित्र होत आलं असताना या घोड्यानं ते पाहिलं आणि समोर दुसरा घोडा उभा आहे असं समजून त्याच्यावर चाल केली, अशी गोष्ट सांगतात. बाबांना ती शंभर टक्के खरी वाटते.

त्यांना सगळ्यांत भावला तो मात्र 'हॅम्बलटोनियन'. हे चित्र स्टब्सनं पंच्याहत्तराव्या वर्षी काढलं, सुमारे १२ फूट रुंद. १७९९ मध्ये न्यूमार्केटची शर्यत जिंकलेला घोडा. पण जिंकल्याची ऐट त्यात नाही. चाबकानं आणि टाचांनी हैराण झालेला, थकून गेलेला, आणि त्याला पुसून काढणारा मोतद्दार शेजारी, एक हात घोड्यावर टाकून. मालकानं पैशांवरून कटकट केली, स्टब्स कोर्टात गेला आणि जिंकला. ८१ वर्षांचा होऊन १८०६ साली वारला, तोवर वाघ, कोंबडी आणि माणूस यांची शरीरं ताडून बघायचं काम चालूच होतं. लंडनच्या रॉयल अकादमीशी, म्हणजे चित्रकारांच्या मानाच्या संस्थेशी, त्याचं कधी नीट जमलं नाही, निवड झाली तरी पूर्ण सदस्यत्व हाती आलं नाही. बाबांना त्या अकादमीशी काही देणंघेणं नाही. ते त्या मोतद्दाराच्या हाताकडे बघत राहतात.

आता तक्रारी. शाईचा वास आठवडाभर घरात होता, खिडकी उघडी ठेवावी लागली. श्रावणात खालचा डावा कोपरा सैल पडला, कॅनव्हासला झोळ आला. वर्ध्याला परत नेला तर त्यांनी मागच्या पाचरी ठोकून फुकट ताणून दिला, पण नेण्या-आणण्याचे पैसे गेलेच. ओल धरणाऱ्या भिंतीवर लावणार असाल तर मागं थोडी हवा खेळेल अशा बेतानं लावा. काच लावून घेऊ नका. दुकानदार आग्रह करेल, पण ओसरीवर उजेड येतो आणि काचेत घोड्याऐवजी अंगणच दिसतं.

लावायच्या उंचीचंही सांगते. मी डोळ्यांच्या उंचीला खिळे ठोकले होते. महिन्याभरानं बाबा म्हणाले, "घोडा वर टांगते का कोनी, बाई? त्याले खाली उतरव." आता ते चित्र जमिनीवर ठेवलेल्या कडुनिंबाच्या फळीवर उभं आहे, भिंतीला टेकून. मागचे खूर फरशीपासून जेमतेम वीतभर. वाळवीसाठी फळीला खालून डांबर लावलं आहे, ते दर पावसाळ्याआधी लावावं लागेल. सकाळी चहा घेताना बाबा खुर्ची त्याच्या बाजूनं लावतात, समोरून नाही. घोड्याच्या एकदम समोर किंवा मागं बसायचं नसतं म्हणतात.