भुंकणं कमी करण्याच्या यंत्रापासून दुधी फिल्मपर्यंत: आठ महिन्यांचा अनुभव

बेल वाजली की आमचा बंड्या घर डोक्यावर घ्यायचा. आता दोन-तीनदा भुंकतो आणि चटईवर जाऊन माझ्या हाताकडे बघत बसतो. इथवर यायला ८ महिने लागले. त्यातले पहिले दोन यंत्रापायी वाया गेले.

यंत्र म्हणजे कुत्रा भुंकला की अल्ट्रासॉनिक आवाज सोडणारी डबी. माणसाला साधारण २०,००० हर्ट्झपर्यंतचं ऐकू येतं, कुत्र्याला त्याच्या दुपटीहून जास्त. म्हणून आपल्याला नुसता दिवा लुकलुकलेला दिसतो, कान त्याचे किटतात. पहिला आठवडा कमालीची शांतता, वाटलं सुटलो. मग एका संध्याकाळी बेल वाजली, बंड्या भुंकला, दिवा लुकलुकला आणि तो कान पाडून पलंगाखाली शिरला. अर्धा तास बाहेर येईना. त्यानंतर जिन्यातल्या नुसत्या पावलांनीही थरथरायचा. दाराशी कोणी आलं की कान दुखतात, असा त्याने हिशोब लावला असणार. एकदा तर मी शिंकलो तरी दिवा लागला. शिक्षा मात्र झोपलेल्या बंड्याला. पुढे त्या आवाजाचीही सवय झाली आणि भुंकणं परत आलं.

मग बेल मोबाईलवर रेकॉर्ड केली. आवाज इतका बारीक ठेवायचा की त्याचा फक्त कान हलावा, आणि लगेच खाऊ. आधी बेल, मग खाऊ, हा क्रम चुकवायचा नाही. माझा हात आधीच पिशवीत जायचा, त्यामुळे पठ्ठ्या बेलऐवजी पिशवीवर लक्ष ठेवायला शिकला. दिवसातून दोनदा, पाच-पाच मिनिटं. चौथ्या आठवड्यात मी घाईने आवाज एकदम वाढवला आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करावी लागली.

रस्त्यावरची माणसं दिसून तो भुंकू नये म्हणून खिडकीच्या खालच्या अर्ध्या काचेला दुधी फिल्म लावली. सगळ्यात कमी कष्टात सगळ्यात जास्त फरक तिने पडला. रस्त्यावरचा माणूस तसाही पुढे जाणारच असतो, पण बंड्याला वाटायचं, आपण हाकलला! रोज असे पन्नास विजय मिळाल्यावर कोण गप्प बसेल?

लक्ष वेधायला भुंकणं हा वेगळाच ताप. तिकडे काणाडोळा करायचा ठरवलं, तर पहिले दहा दिवस भुंकणं वाढलंच. एकदा वैतागून ‘गप रे!’ ओरडलो. म्हणजे चिकाटीने भुंकलं की मालक बोलतो, हे मीच शिकवलं. हल्ली तो थांबला की मनात दोन आकडे मोजून खाऊ देतो. मग पाच, मग दहा.

घरी एकटा असताना मात्र अजून भुंकतो. ते भीतीचं भुंकणं आहे, त्यावर यातलं काही चालत नाही; पशुवैद्यांच्या सल्ल्याने एकटं राहण्याचा सराव नुकताच सुरू केलाय, तूर्त दोन-दोन मिनिटांचा.

डबी खणात पडून आहे. परवा एकाने मागितली होती, दिली नाही.